तेंडुलकर, विजय धोंडोपंत (पटकथालेखन)

तेंडुलकर, विजय धोंडोपंत : (६ जानेवारी १९२८ – १९ मे २००८). मराठी नाटककार व पटकथाकार. जन्म कोल्हापूर येथे. नाटककार म्हणून त्यांची थोरवी सर्वमान्य असल्यामुळे त्यांच्या पटकथांकडे फावल्या वेळचा उद्योग म्हणून पाहण्याचा प्रघात पडला. परंतु १९७५ ते १९८३ या अल्पावधीत समांतर चित्रपटाला जे रूप आले त्यातील मोठा हिस्सा याच लेखणीचा असल्याने तो प्रघात न्याय्य म्हणता येत नाही.

‘शांतता! कोर्ट चालू आहे’ या स्वतःच्या नाटकाची पटकथा त्यांनी सत्यदेव दुबे यांच्यासाठी लिहिली (१९७१). जब्बार पटेल दिग्दर्शित ‘सामना’ (१९७५) ही मात्र सर्वस्वी चित्रपटासाठी रचलेली कथा. साखर कारखान्याच्या आधारे मुलखावर अंमल गाजवणारे हिंदूराव धोंडे पाटील आणि नाहीशा झालेल्या मारुती कांबळेची चौकशी न सोडणारा, पाटलांच्याच आश्रयाला आलेला मद्यपी मास्तर, या दोघांच्या झुंजीतून सहकारी राजकारणाचा जो पंचनामा झाला, तसा त्यापूर्वी मराठी पडद्यावर झालेला नव्हता. हा चित्रपट बर्लिनच्या महोत्सवात दाखल झाला.

रंगभूमीवर ज्यांचे संवाद धारदार शस्त्राप्रमाणे चालत, त्या तेंडुलकरांच्या प्रमुख हिंदी चित्रपटांचे संवाद इतरांनी लिहिले, ही बाब त्यांच्या पटकथांचा विचार करताना दृष्टीआड करता येत नाही. ‘निशांत’ (१९७५) व ‘आक्रोश’ (१९८०) यांचे संवाद दुबे यांचे, ‘मंथन’ (१९७६) चे कैफी आझमी यांचे, तर ‘अर्धसत्य’ (१९८३) चे वसंत देव यांचे. तेंडुलकरांकडे उरली ती प्रसंगांची मांडणी, आणि काय केव्हा उघड करायचे व काय दडवायचे याचा निर्णय. गोविंद निहलानी दिग्दर्शित ‘आक्रोश’मध्ये पत्नीच्या खुनाचा आरोप असलेला आदिवासी लहान्या भिकू आपल्या वकिलापुढेही तोंड उघडत नाही, फिर्याद, साक्षी, उलटतपासणी असा न्यायालयाचा सारा कारभार या मौनाभोवती चालू राहतो. अखेर पित्याच्या अंत्यविधीसाठी पोलिसांच्या पहाऱ्यात आणलेला भिकू, बहिणीच्या वाट्यालाही पत्नीचीच गत येणार हे ओळखून, कुऱ्हाडीने तिचा जीव घेतो आणि मगच त्याच्या कंठातून किंकाळी फुटते. संवादाच्या आधाराने उभा राहिलेला नाटककार असे पात्र कल्पितो, याचे नवल वाटल्यावाचून राहत नाही.

गुजरातच्या सुमारे ५ लाख दूध-उत्पादकांनी प्रत्येकी २ रुपये देऊन निर्मिलेल्या ‘मंथन’च्या पटकथेस राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. परक्याच्या ललितकृतीला पटकथेचे रूप देण्यातही त्यांचा हातखंडा होता : अरुण साधू यांच्या ‘मुंबई दिनांक’ व ‘सिंहासन’ या दोन कादंबऱ्या एकवटून ‘सिंहासन’ (१९७९), शांता निसळ यांच्या ‘बेघर’वरून ‘उंबरठा’ (१९८२) आणि श्री. दा. पानवलकर यांच्या ‘सूर्य’ या कथेवरून ‘अर्धसत्य’. यांपैकी ‘सिंहासन’ची जुळणी अधिक बिकट होती, मंत्रालयातील कारस्थाने आणि कामगारवस्तीतील हलाखी ही दोन जगे वार्ताहर दिगू टिपणीसच्या येण्याजाण्याने सांधली गेली आहेत.

दूरदर्शनसाठी त्यांनी ‘स्वयंसिद्धा’ ही मालिका लिहिली; तीत त्यांची कन्या प्रिया तेंडुलकर प्रमुख भूमिकेत होती. केतन मेहता यांच्या ‘सरदार’ (१९९३) या वल्लभभाई पटेलांवरील चरित्रपटाची पटकथाही त्यांचीच. १९८४ साली त्यांना पद्मभूषण मिळाले. पुणे येथे त्यांचे निधन झाले.