रमाबाई नगरचा धडा : अहवाल म्हणजे न्याय नव्हे

११ जुलै १९९७. घाटकोपरच्या रमाबाई नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाली. निषेधाला जमलेल्या आपल्या माणसांवर राज्य राखीव पोलीस दलाने गोळ्या झाडल्या. १० जण शहीद झाले. जमाव गॅसचे टँकर पेटवणार होता, हा पोलिसांचा बचाव! गुंडेवार आयोगाने गोळीबार असमर्थनीय ठरवला, फौजदार मनोहर कदमवर ठपका ठेवला. तरीही शिक्षेला २००९ उजाडले. पीडित कुटुंबे, साक्षीदार टिकले म्हणूनच सदोष मनुष्यवधाबद्दल जन्मठेप झाली. पुढे उच्च न्यायालयातून जामीनही मिळाला.

धाराशिवच्या तरुणांनो, आम्ही दरवर्षी शहिदांना अभिवादन करतो. पण खटला घोषणांवर चालत नाही. जबाब, पंचनामा, शवविच्छेदन अहवाल यांवर चालतो. ती कागदपत्रे मिळवणे, साक्षीदाराला एकटे न सोडणे, हेही आंदोलनच आहे. जय भीम!