सिस्टिम शॉक २
नेमबाजी आणि भयप्रधान जगण्याची झुंज यांची सांगड घालणारा, पात्राच्या नजरेतून खेळायचा संगणकीय खेळ. इरॅशनल गेम्स व लुकिंग ग्लास स्टुडिओज या अमेरिकी संस्थांनी तो १९९९ मध्ये तयार केला. प्रमुख रचनाकार केन लेव्हिन. कथा २११४ मध्ये ‘फॉन ब्राउन’ या अंतराळयानावर घडते. गोळ्या तुटपुंज्या, बंदुका वापरागणिक झिजून ऐनवेळी अडकणाऱ्या. त्यामुळे साध्या चकमकीतही हिशेब करावा लागतो. मृत कर्मचाऱ्यांच्या ध्वनिनोंदींतून उलगडणारी हकीकत आणि शोडान ही कपटी कृत्रिम बुद्धिमत्ता हे त्याचे खरे बळ. शेवटचे टप्पे मात्र उरकल्यासारखे वाटतात. समीक्षकांनी वाखाणूनही विक्री बेताचीच झाली. लेव्हिनचाच ‘बायोशॉक’ (२००७) याच परंपरेतला. नाइटडाइव्ह स्टुडिओजने २०२५ मध्ये मूळ खेळाची सुधारित आवृत्ती आणली.