बत्तीस अक्षरांचं माप

तंजावरच्या सरस्वती महाल ग्रंथालयातल्या संस्कृत हस्तलिखितांच्या वर्णनात्मक सूचीत पानं, ओळी, लिपी यांच्या जोडीला ग्रंथसंख्याही नोंदलेली असते. हा ग्रंथ म्हणजे ३२ अक्षरांचं माप. मजकूर गद्य असो की पद्य, अक्षरं मोजायची आणि ३२ने भागायचं. लेखनिकाची मजुरी त्यावर ठरे. नक्कल करताना एखादी ओळ गळली किंवा कुणी पदरची घुसडली, तर ती मोजणीत सापडे. दुसऱ्या सरफोजीराजांनी हौसेने वाढवलेल्या या संग्रहात ही जुनी शिस्त आजही वाचता येते.

राउटरवर नवी प्रणाली चढवण्याआधी, किंवा जीएनएस३ या नेटवर्क-सराव सॉफ्टवेअरमध्ये ती आभासी राउटरवर चालवून बघण्याआधी, तिची इमेज फाइल पडताळतात ती याच गरजेपोटी. हातातली नक्कल मुळाबरहुकूम आहे ना?

नुसती मोजणी मात्र फसते. ‘कमल’चं ‘कलम’ झालं तरी अक्षरं तीनच. सप्टेंबर २०१५मध्ये मँडियंट या सुरक्षा कंपनीने ‘सिनफुल नॉक’ हा राउटरांवरचा हल्ला उघडकीला आणला, त्यात नेमकं हेच होतं. युक्रेन, फिलिपिन्स, मेक्सिको आणि भारत या चार देशांत मिळून १४ सिस्को राउटरांवर फेरफार केलेली प्रणाली सापडली. घुसखोरांनी मूळ कोडचा काही भाग पुसून तिथेच आपला कोड बसवला होता, त्यामुळे फाइलचा आकार बदललाच नव्हता.

अशा वेळी हॅश कामी येतो. रॉन रिव्हेस्ट यांनी १९९१मध्ये रचलेला एमडी५ फाइलचा बिट न् बिट घुसळून १२८ बिटांचा ठसा काढतो. ‘कमल’ आणि ‘कलम’ यांचे ठसे पार वेगळे. हा ठसा नेहमीच्या हेक्साडेसिमल रूपात लिहिला की ३२ चिन्हंच होतात. योगायोगच, पण मोठा सुरेख.

२००४मध्ये वांग श्याओयुन आणि सहकाऱ्यांनी एकच एमडी५ ठसा असलेले दोन वेगळे मजकूर तयार करून दाखवले. २०१२मध्ये सापडलेल्या ‘फ्लेम’ या हेरगिरीच्या मालवेअरने त्याच फटीतून मायक्रोसॉफ्टचं बनावट प्रमाणपत्र मिळवलं होतं. वाटेत खराब झालेली फाइल एमडी५ आजही पकडतो, पण मुद्दाम केलेल्या बनावटीसाठी एसएचए-५१२ आणि उत्पादकाची डिजिटल सही हवी.

राउटरवर पडताळणीचा हुकूम असतो खरा, पण तो चालवते तिथे आधीच बसलेली प्रणाली. तिच्याबद्दलच शंका असेल तर इमेज बाहेर काढून दुसऱ्या संगणकावर तपासावी, आणि ताडून बघायचा ठसा थेट उत्पादकाकडून घ्यावा.