निळ्या फ्यूजची गोष्ट

गाडीतल्या ज्या सॉकेटमध्ये आपण मोबाइलचा चार्जर खुपसतो, ते सॉकेट मुळात मोबाइलसाठी नाहीच. ते आहे सिगारेट पेटवायला! आजकालच्या बऱ्याच गाड्यांत लायटर येतच नाही, नुसतं झाकण येतं आणि त्यावर लिहिलेलं असतं "१२ व्होल्ट, १२० वॅट". पण भोकाचा आकार, आतली स्प्रिंग, मागची वायर आणि त्या वायरचा फ्यूज, हा सगळा संसार सिगारेटवाल्यांनी मांडून ठेवलेला आहे. आपण नंतर आलेले भाडेकरू.

आता हे सगळं आठवायचं कारण म्हणजे आमच्या भंडारा जिल्ह्यातून जाणारा हायवे. जुना एनएच ६, आताचा ५३. नागपूरहून शनिवारी पहाटे नागझिऱ्याला निघालेली मंडळी याच रस्त्याने भंडारा, लाखनी, साकोली करत जातात. फोनवर मॅप चालू, गाणी चालू, मागच्या सीटवर दुसऱ्याचा फोन चार्जिंगला, आणि मधेच कोणीतरी टायरमध्ये हवा भरायचा छोटा पंप त्याच सॉकेटला लावतो. खट्. सॉकेट मेलं. गाडी व्यवस्थित चालते आहे, हेडलाइट आहे, हॉर्न आहे, फक्त ते एक भोक गप्प. लगेच गाडीत चर्चा सुरू होते, "चार्जर गेला", "बॅटरी गेली", "शोरूमला दाखव". गेलेला असतो साधारण पंधरा अँपियरचा एक निळा प्लॅस्टिकचा तुकडा.

त्या तुकड्याचा इतिहास मला फार आवडतो. कारण तो विजेचा कमी आणि माणसाच्या स्वभावाचा जास्त आहे.

सुरुवात गाडीपासून होत नाही, तारायंत्रापासून होते. १८४७ साली ब्रेगे नावाच्या फ्रेंच माणसाने सुचवलं, की तारायंत्राच्या ठाण्यात शिरणारी तार एका ठिकाणी मुद्दाम बारीक ठेवा. वीज पडली तर तेवढा तुकडा वितळेल, आतली यंत्रं आणि माणसं वाचतील. कल्पना एवढीच. पुढे एडिसनने १८९० मध्ये आपल्या वीजवाटपाच्या व्यवस्थेसाठी फ्यूजचं पेटंट घेतलं. अख्ख्या साखळीत एक कडी जाणूनबुजून कच्ची ठेवायची आणि ती कुठे आहे हे आपल्याला माहीत असलं पाहिजे. तुटायचंच असेल तर तिथे तुटू दे.

इथे एक गैरसमज दूर करतो. फ्यूज चार्जर वाचवायला नसतो, तो वायर वाचवायला असतो. तुमच्या डॅशबोर्डच्या मागून, गालिच्याखालून जी वायर जाते, ती किती करंट न तापता वाहू शकते यावर फ्यूजचा आकडा ठरतो. हे एकदा डोक्यात बसलं की पुढचं सगळं आपोआप कळतं.

आता सिगारेट. विसाव्या शतकाच्या पहिल्या काही दशकांत गाडीत विजेचा लायटर आला. दाबला की आतलं वेटोळं लाल होतं, पुरेसं तापलं की दोन धातूंची पट्टी वाकते आणि लायटर टक्कन बाहेर येतो. या कामाला दहा अँपियरच्या आसपास करंट लागतो, तोही काही सेकंदच. त्या हिशोबाने वायर आणि फ्यूज बसवले गेले. १९५० च्या दशकात अमेरिकन गाड्या सहा व्होल्टवरून बारा व्होल्टवर गेल्या आणि हे बारा व्होल्टचं भोक जगभर पसरलं. मग कोणाच्या तरी डोक्यात आलं, की लायटर काढला तर इथून वीज मिळते की! पंखा, दिवा, टेप, मोबाइल, पंप... ज्या दाराने सिगारेट शिरली त्याच दाराने सगळं जग आत आलं. दहा सेकंदांसाठी विचार केलेल्या जागेवर आपण आता चार चार तास भार टाकतो.

आपल्याकडे काय होतं? ॲम्बॅसडरमध्ये काचेच्या नळीतले फ्यूज असत आणि पद्मिनीत चिनी मातीच्या छोट्या कांडीवर बाहेरून धातूची पट्टी लावलेले. दोन्ही फ्यूज फार भोळे. म्हणजे असं, की ते उडाले तर सिगारेटच्या पाकिटातला चंदेरी कागद गुंडाळून परत बसवला की झालं काम! सिगारेटच्या लायटरचा फ्यूज उडाला आणि सिगारेटच्याच पाकिटाने चालू केला, असा हा विनोद. फक्त त्या कागदावर अँपियर लिहिलेले नसतात. पुढच्या वेळी कच्ची कडी कुठली, हे आता कोणालाच माहीत नाही. बहुधा ती गालिच्याखालची वायर असते.

मग आला आपला निळा तुकडा. १९७६ मध्ये शिकागोच्या लिटलफ्यूज कंपनीने गाड्यांसाठी दोन पात्यांचा प्लॅस्टिकचा फ्यूज आणला. आज तुमच्या गाडीत बहुतेक तोच किंवा त्याचा धाकटा भाऊ बसलाय. याची रचना नीट बघा. आकडा डोक्यावर छापलेला. शिवाय प्रत्येक आकड्याला रंग: १० लाल, १५ निळा, २० पिवळा, २५ पारदर्शक, ३० हिरवा. अंग पारदर्शक, म्हणजे आतली यू आकाराची पट्टी दिसते. डोक्यावर दोन बारीक उघड्या खाचा, म्हणजे फ्यूज न काढता तपासता येतो. आणि पाती खोल खाचेत रुततात, त्यामुळे चंदेरी कागद गुंडाळणं अवघड. माझ्या मते हा शोध विजेचा नाहीच, जुगाडाविरुद्धचा आहे. खरं बोलणं सोपं करायचं आणि खोटं बोलणं किचकट.

आता प्रत्यक्ष कृती. सॉकेट बंद पडलं तर क्रमाने जा.

आधी चार्जर दुसऱ्या गाडीत लावून बघा. मग किल्ली कुठल्या खुणेवर आहे ते बघा, कारण बऱ्याच गाड्यांत किल्ली पहिल्या टप्प्यावर आल्याशिवाय सॉकेटला वीज मिळतच नाही. मग टॉर्च मारून सॉकेटच्या आत बघा. रुपयाचं नाणं, चॉकलेटची चांदी, तुटलेल्या चार्जरचं टोक, काहीही सापडू शकतं. किल्ली बंद केल्याशिवाय त्यात बोट किंवा चिमटा घालायचा नाही.

यानंतर फ्यूज. डबे साधारण दोन असतात. एक स्टिअरिंगखाली गुडघ्याजवळ, दुसरा बॉनेटखाली बॅटरीशेजारी. सॉकेटचा फ्यूज बहुधा आतल्या डब्यात. झाकणाच्या आतल्या बाजूला किंवा मॅन्युअलमध्ये नकाशा असतो. त्यात "सिगार", "लायटर", "ॲक्सेसरी सॉकेट", "पॉवर आउटलेट" यांपैकी काहीतरी शोधा. अंदाजाने एकेक उपटत बसू नका. आणि एअरबॅगच्या फ्यूजला हात लावायचा नाही, हे पक्कं.

किल्ली बंद करा, डब्यातच अडकवलेला छोटा प्लॅस्टिकचा चिमटा घ्या, फ्यूज सरळ वर ओढा आणि उजेडात धरा. पट्टी तुटलेली, काळवंडलेली दिसली तर निकाल लागला. पण कधी कधी चीर केसाएवढी असते आणि डोळ्याला कळत नाही. मल्टीमीटर असेल तर दोन पात्यांमध्ये टोकं लावा, बीप वाजला तर फ्यूज शाबूत. किंवा फ्यूज जागेवरच ठेवून, किल्ली पहिल्या टप्प्यावर आणून, टेस्ट लॅम्पची क्लिप गाडीच्या बॉडीला लावा आणि टोकाने डोक्यावरच्या दोन्ही खाचा तपासा. दोन्हीकडे दिवा लागला तर फ्यूज ठीक, गडबड पुढे आहे. एकीकडेच लागला तर फ्यूज गेला. कुठेच नाही लागला तर वीज फ्यूजपर्यंतच येत नाहीये.

यातलं काहीच जवळ नसेल तर? धातूच्या अंगाची साधी सेलवाली टॉर्च घ्या. मागचं झाकण काढा, फ्यूजचं एक पातं सेलच्या बुडाला आणि दुसरं टॉर्चच्या अंगाला टेकवा, बटण चालू ठेवा. दिवा लागला तर फ्यूज जिवंत. इथे भंडारा जिल्हा मला परत भेटतो. कोरड्या सेलमध्ये मँगनीज डायऑक्साइड असतो. ही करामत लेक्लांशे या फ्रेंच इंजिनियरची, १८६६ ची. आणि बॅटरीच्या कामाचं हे खनिज तुमसर तालुक्यातल्या डोंगरी बुजुर्गच्या खाणीत निघतं. १९६२ साली स्थापन झालेल्या मॉइलची ही उघडी खाण, आणि बॅटरीसाठी शुद्ध मँगनीज डायऑक्साइड बनवायचा कारखानाही तिथेच. म्हणजे हायवेवर अडकलेल्या माणसाची तपासणी उत्तरेकडच्या डोंगरातली माती करू शकते. मला हे भारी वाटतं.

फ्यूज गेलेला निघाला की त्याच आकड्याचा, त्याच रंगाचा दुसरा बसवा. तो परत उडाला तर थांबा. दुसऱ्यांदा उडालेला फ्यूज म्हणजे सॉकेट किंवा वायर कुठेतरी शॉर्ट आहे, आता काम ऑटो इलेक्ट्रिशियनचं. पहिला का उडाला याचा हिशोबही सोपा आहे. व्होल्ट गुणिले अँपियर म्हणजे वॅट. १२ गुणिले १५ म्हणजे १८०. मोबाइलचा चार्जर यातले वीस-तीस खातो. हवेचा दमदार पंप एकटाच दीडशेच्या पुढे जाऊ शकतो, त्यात एकाचे तीन करणारं सॉकेट लावून बाकीचंही जोडलं तर काय होणार? तरी फ्यूज लगेच उडत नाही. या जातीचा फ्यूज दुप्पट करंटला फार तर पाच सेकंद टिकतो, पण थोड्याशा जास्त करंटला कित्येक मिनिटं तग धरू शकतो. म्हणून पंप अर्धा टायर भरून मग दगा देतो.

"पंधराचा नाही मिळाला, तीसचा हिरवा बसवला, मस्त चालतंय." हे वाक्य मी अनेकांकडून ऐकलंय. चालणारच! फ्यूज बदलला, वायर तीच आहे. आता पंचवीस अँपियर गेले तरी फ्यूज गप्प बसेल आणि तापेल ती वायर.

याहून वाईट म्हणजे तांब्याची तार. भंडारा पितळेच्या भांड्यांचं गाव, आणि पितळ म्हणजे तांबं अधिक जस्त. ते ओतणाऱ्या कारागिराला दोघांच्या स्वभावातला फरक हाताने कळतो. जस्त सुमारे ४२० अंशांना वितळतं, तांब्याला १०८५ अंश लागतात. निळ्या फ्यूजची पट्टी जस्ताच्या मिश्रधातूची असते ती उगाच नाही. विल्यम प्रीस या ब्रिटिश तार खात्यातल्या इंजिनियरने १८८० च्या दशकात तारा वितळवून एक सूत्र काढलं. त्याप्रमाणे ०.२ मिलिमीटर जाडीची तांब्याची तार सात अँपियरच्या आसपास वितळते, अर्ध्या मिलिमीटरची अठ्ठावीसला, आणि एक मिलिमीटरची थेट ऐंशीला! आपल्या घरी लाइन गेली की किटकॅट काढून वायरची दोन-चार केसं पिळून बसवतात ना, ती केसं मोजली जात नाहीत. गावातल्या डीपीवर तर विचारूच नका.

गंमत इथे थांबते. ९ जानेवारी २०२१ च्या रात्री भंडाऱ्याच्या जिल्हा रुग्णालयातल्या नवजात बालकांच्या कक्षात आग लागली आणि दहा बाळं गेली. सात वाचवता आली. चौकशीतून विजेचं शॉर्ट सर्किट हे कारण पुढे आलं. रुग्णालय आणि गाडीची तुलना मला करायची नाही. पण तेव्हापासून आमच्या जिल्ह्यात "शॉर्ट सर्किट" हा बातमीतला घिसापिटा शब्द राहिलेला नाही. कोणी हसत हसत "तार लावून डायरेक्ट केलं" म्हणालं की माझं हसू मधेच अडकतं.

आम्हा सॉफ्टवेअरवाल्यांनी शहाणपणा मिरवायचं कारण नाही. मायकल नायगार्डच्या २००७ च्या "रिलीज इट!" या पुस्तकामुळे "सर्किट ब्रेकर" ही कल्पना आमच्यात रुजली: समोरची सिस्टिम कोसळत असेल तर मुद्दाम कनेक्शन तोडा. आणि त्याच आमच्या कोडमध्ये रिकामे कॅच ब्लॉक सापडतात. एरर आली, गिळली, लॉगसुद्धा नाही, डेमो मस्त चालला. रिकामा कॅच ब्लॉक म्हणजे चंदेरी कागदच. बिघाड जात नाही, फक्त पुढे कुठे आग लागणार ते कळेनासं होतं. उडालेला फ्यूज ही तक्रार असते, आणि ती ज्या भाषेत येते ती भाषा १८४७ पासून फार बदललेली नाही.

असो. लांबलंच. या शनिवारी गाडी धुवाल तेव्हा फ्यूजच्या डब्याचं झाकण एकदा उघडून बघा. सॉकेटचा फ्यूज कुठला आणि कोणत्या रंगाचा, त्याचा मोबाइलवर फोटो काढून ठेवा. त्याच आकड्याचे दोन फ्यूज घेऊन ग्लव्ह बॉक्समध्ये टाका, चहा-पोह्यांपेक्षा महाग पडणार नाहीत. आणि मागच्या मालकाने कुठल्या खाचेत काय बसवलंय तेही नकाशाशी ताडून पाहा. सेकंडहँड गाडी असेल तर हे आजच करा.