सत्तावीस चौकड्यांचं गाणं

मागच्या महिन्यात भाच्याच्या नव्या फ्लॅटची वास्तुशांत झाली. गुरुजी संकल्प सांगत होते. वैवस्वत मन्वंतर, अठ्ठाविसावं युगचतुष्टय, कलियुग, मग शक, महिना, तिथी असं करत करत यजमानाच्या नावापर्यंत आले. भाचा हळूच माझ्या कानाशी म्हणाला, "आत्या, अठ्ठाविसावं, तर आधीची सत्तावीस कुठे गेली?" पूजा चालू होती म्हणून गप्प बसले. पण उत्तर मला लहानपणापासून ठाऊक आहे. सत्तावीसच्या सत्तावीस एका गाण्यात गेली!

गोष्ट भागवताच्या नवव्या स्कंधात आहे, विष्णुपुराणातही आहे. कुशस्थलीचा राजा ककुद्मी आपल्या रेवतीसाठी स्थळ विचारायला तिला घेऊन थेट ब्रह्मलोकात गेला. तिथे गंधर्वांचं गाणं रंगलं होतं. विष्णुपुराणात गाणाऱ्यांची नावंही दिली आहेत, हाहा आणि हूहू. मधेच बोलणं बरं दिसत नाही म्हणून बापलेक बसून राहिले. गाणं संपल्यावर राजानं मनातली स्थळं सांगितली, तर ब्रह्मदेव हसले. म्हणाले, बाबा रे, खाली सत्तावीस चौकड्या उलटल्या. त्या मुलांच्या नातवंडा-पतवंडांची नावंसुद्धा आता कुणी घेत नाही. आता बलरामाला दे.

मी शाळेत मराठी नि इतिहास शिकवला, गणित नाही. तरी एकदा वहीच्या मागच्या पानावर हिशेब मांडला. एक चौकडी म्हणजे 43 लाख 20 हजार वर्षं. सत्तावीस चौकड्यांची झाली 11 कोटी 66 लाख 40 हजार. ब्रह्मदेवाचा दिवस हजार चौकड्यांचा. तो आपल्यासारखा बारा तासांचा धरला, तर गाणं चाललं साडेएकोणीस मिनिटांच्याही आत. एवढ्यात आमच्या सवाई गंधर्वला कुणाचा विलंबित ख्यालही संपायचा नाही.

ही गोष्ट मी पुस्तकात नाही वाचली, कीर्तनात ऐकली. सदाशिव पेठेतल्या नारद मंदिरात आजी मला घेऊन जायची. साल 1962, चातुर्मास. नव्या पिढीसाठी सांगते: नारदीय कीर्तनात आधी नमन, मग पूर्वरंगात एखाद्या अभंगाचं निरूपण. मध्यंतरात बुवांना हार, सगळ्यांना बुक्का. मग उत्तररंगात आख्यान, आर्या, साकी, दिंडी, कटाव यांतून सांगितलेलं. शेवटी आरतीचं तबक फिरतं. पुढे अण्णासाहेब किर्लोस्करांनी संगीत नाटक उभं केलं, तेव्हा साकी-दिंडीच्या या चाली ते रंगमंचावर घेऊन गेले.

त्या दिवशी बुवांनी राजा परत येतो तो प्रसंग फार रंगवला. गाव तेच, पण एक माणूस ओळखीचं नाही. माणसं उंचीनंही खुजी झालेली. रेवती मात्र जुन्या युगातली, म्हणून उंच. बलरामानं नांगराच्या टोकानं तिला खाली ओढून आपल्या बेताची केली म्हणे. इथे सभा खळखळून हसली.

आजी हसली नाही.

आदल्याच वर्षी, 12 जुलै 1961 ला, पानशेतचं धरण फुटलं होतं. आमचा नारायण पेठेतला वाडा गेला. चार दिवसांनी आजीला घेऊन वडील गल्लीत गेले, तर तिला आपलं दारच सापडेना. चिखलात उभी राहून ती शेजारणींना नावानं हाका मारत होती. वाड्यातली बिऱ्हाडं पांगली ती पांगलीच. त्याआधीही नवव्या वर्षी लग्न होऊन ती कोकणातून पुण्याला आली होती. माहेरी पुन्हा गेली ती तिशीत, तेव्हा तिथेही ओळखणारं कुणी उरलं नव्हतं.

आरतीनंतर सगळे बुवांच्या पाया पडत होते. आजी पाया पडली आणि तिथेच उभी राहिली. "बुवा, राजानं काय केलं ते सांगितलंत. मुलगी काय म्हणाली?"

बुवा थोडा वेळ थांबले. मग म्हणाले, "आजी, पोथीत नाही."

खरंच नाही. पुढे मी स्वतः काढून बघितलं. राजा मुलगी देतो आणि तपाला बदरिकाश्रमात निघून जातो. रेवतीच्या तोंडी एक शब्द नाही. तिच्याही मैत्रिणी असतील की कुशस्थलीत, भातुकली असेल, कुणी दाई असेल.

मला गंमत वाटते ती वेगळीच. 1882 मध्ये किर्लोस्करांचं 'संगीत सौभद्र' पुण्यात रंगमंचावर आलं. त्यात हाच बलराम सुभद्रेला न विचारता तिचं लग्न दुर्योधनाशी ठरवतो. इतकी युगं गेली, पण मुलीला विचारायची पद्धत काही पडली नव्हती. फरक एवढाच की सुभद्रेला पदं मिळाली. भाऊराव कोल्हटकर सुभद्रा होऊन गात आणि पुणं ऐकत बसे. रेवतीला कुणी पद दिलं नाही.

आजी घरी येताना लक्ष्मी रोडपर्यंत काही बोलली नाही. मग म्हणाली, "तिला गाणं आवडलं असेल का गं?" मी अकरा वर्षांची होते, मला भूक लागली होती. मी हो म्हटलं.

भाच्याला हे सगळं त्या दिवशी जेवताना सांगायचं होतं, पण पंगत उठत होती. म्हणून इथे लिहिलं.