वाटाण्याचं कूळ

चोपड्याकडच्या एका केळीच्या बागेत एक पोरगा आठवडाभर मोबाइल रोवून बसला होता. तिपाईचा एक पाय ठिबकच्या ओलीत खचायचा, म्हणून त्याखाली कौलाचा तुकडा. केळ निसवत होती. पोग्यातून कमळ बाहेर येऊन वाकतं, ते त्याला मिनिटभरात दाखवायचं होतं. दर पाच मिनिटांनी एक फोटो. काका म्हणाले, "काय रे भो, केळ काय पळून चालली का?"

या उद्योगाचं आपल्याकडचं कूळ १९१२ सालच्या मुंबईत सापडतं. सावेदादा, म्हणजे हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, यांनी १८९९ मध्येच हँगिंग गार्डनवरची कुस्ती टिपली होती. पण समोर घडतंय तसं, घडतंय तेवढ्या वेळात. काळ आवळून दाखवला तो दादासाहेब फाळक्यांनी. लंडनहून विल्यमसनचा कॅमेरा आणलेला, पण चित्रपटाला पैसे कोण देणार? त्यांनी कुंडीत वाटाणा पेरला, समोर कॅमेरा मांडला आणि महिन्याहून अधिक काळ चित्रं घेत राहिले. पडद्यावर रोप सरसर वर चढलं. ते पाहून यशवंतराव नाडकर्णी भांडवलाला मदत करायला तयार झाले. चित्रफितीचं नाव 'अंकुराची वाढ'. 'राजा हरिश्चंद्र' त्यानंतर, ३ मे १९१३ला. म्हणजे फाळक्यांच्या देवादिकांच्या आधी वाटाणा.

फाळके रोज एकच फ्रेम घ्यायचे, असं सर्रास लिहिलं जातं. मला ते पटत नाही. तेव्हा सेकंदाला साधारण सोळा फ्रेम सरकायच्या. महिन्याच्या तीस फ्रेम दोन सेकंदांत संपतील. एवढ्यावर कोणता माणूस खिशात हात घालेल? फीत मिनिटभराची म्हणतात. तसं असेल तर दिवसाला तीसेक फ्रेम हव्यात. म्हणजे दिवसभर कुंडीपाशी पहारा, आणि धक्का लागून कॅमेरा केसभरही हलता कामा नये.

युक्ती फाळक्यांची नव्हे. जर्मनीत फेफर या वनस्पतिशास्त्रज्ञानं ती त्याआधीच वापरली होती आणि १९१० मध्ये इंग्लंडात पर्सी स्मिथनं फुलं उमलताना दाखवली होती. पण रोप दाखवून भांडवल उभं करणं, ही अक्कल खास फाळक्यांची.

आमच्या पोराची फीत चाळीस सेकंदांची झाली. कमळ वाकतं, पाकळी उचलते, आणि पहिली फणी दिसणार तेवढ्यात काकांची पाठ आडवी येते. ते ठिबकची नळी बघायला आले होते आणि केळीकडे बघत तिथंच उभे राहिले.