यरुशलेमला गेलेला अर्ज

इ.स.पू. ४३७ मध्ये अनन्या नावाच्या माणसाने एक घर विकत घेतले. विकणारा बगजुश्त हा कास्पियन जमातीचा. खरेदीखत अरामी भाषेत, पपायरसवर लिहिलेले आहे आणि आपल्याकडच्या खतांप्रमाणे त्यातही चतुःसीमा दिली आहे. एका बाजूला राजाचे कोठार, एका बाजूला मिसरी देव खनूम याची वस्ती, एका बाजूला राजरस्ता आणि रस्त्यापलीकडे याहो देवाचे मंदिर. याहो म्हणजे मराठी बायबलमधला यहोवा. घर मात्र यरुशलेमात नव्हते. ते आस्वानसमोर, नाईलच्या पात्रातल्या एलिफंटाइन बेटावर होते. तिथले रहिवासी त्या बेटाला येब म्हणत.

बायबलमधल्या उत्पत्तीच्या पंधराव्या अध्यायात देव अब्राहामाशी करार करतो आणि त्याच्या वंशजांना देश देण्याचे वचन देतो. अनुवाद या पुस्तकात त्या देशात एकाच स्थळी, देव निवडील तिथेच, होमार्पण करण्याची आज्ञा आहे. मिसरच्या वाटेने पुन्हा जाऊ नका, असेही तिथे बजावले आहे. येबचे यहुदी नेमके मिसरमध्ये राहत होते, इराणी बादशहाच्या ठाण्यात शिपाईगिरी करत होते, आणि तिथेच त्यांनी आपल्या देवाचे मंदिर बांधून त्यात पशू अर्पण केले होते. करार आणि वचनदत्त भूमी या कल्पना माणसांच्या रोजच्या जगण्यात कशा नांदत होत्या, हे तपासायला याहून चांगले दप्तर मला माहीत नाही.

हे दप्तर तुकड्यातुकड्यांनी उजेडात आले. अमेरिकन संग्राहक चार्ल्स विल्बर यांनी १८९३ मध्ये आस्वानला काही गुंडाळ्या विकत घेतल्या. त्यांच्या मृत्यूनंतर त्या एका पेटीत पडून राहिल्या आणि १९४७ मध्ये ब्रुकलिनच्या संग्रहालयात पोचल्या. अनन्याचे खत त्यांतलेच. १९०६ नंतरच्या जर्मन उत्खननात येबच्या पुढाऱ्यांचा पत्रव्यवहार सापडला, आणि त्यात यरुशलेमला गेलेला अर्ज होता.

अर्जाची तारीख इराणी बादशहा दुसऱ्या दारियसच्या सतराव्या वर्षातल्या मार्हेश्वान महिन्याची २०. आपल्या गणनेने २५ नोव्हेंबर इ.स.पू. ४०७. अर्जदार येदोन्या आणि त्याच्यासोबतचे याजक. अर्ज यहुदाचा सुभेदार बगोही याला आहे. त्याच्या दोन प्रती मिळाल्या, दोन्ही बेटावरच. म्हणजे आपल्या हाती आहेत त्या येबच्या दप्तरातल्या स्थळप्रती. रवाना झालेला कागद यरुशलेमात कधीच नष्ट झाला असणार. एका प्रतीतली फाटकी जागा दुसरीवरून भरून काढता येते, म्हणून या मजकुराबद्दल इतक्या ठामपणे बोलता येते.

हकिकत अशी. तीन वर्षांपूर्वी, इ.स.पू. ४१० च्या तम्मूज महिन्यात, मिसरचा क्षत्रप अर्शाम बादशहाकडे गेला होता. ती संधी साधून खनूमच्या पुरोहितांनी स्थानिक अधिकारी विद्रंग याच्याशी संगनमत केले. विद्रंगचा मुलगा नफैना फौज घेऊन येबला आला. मंदिराचे दगडी खांब फोडले गेले, घडीव दगडांचे पाच दरवाजे पाडले गेले, गंधसरूचे छप्पर जाळले गेले, सोन्याचांदीची पात्रे लुटली गेली. तेव्हापासून आम्ही बायकामुलांसह गोणपाट नेसून उपास करत आहोत, अंगाला तेल लावत नाही, द्राक्षारस पीत नाही, असे अर्जदार लिहितात.

आता ते आपला हक्क कशावर उभा करतात ते पाहावे. हे मंदिर आमच्या पूर्वजांनी मिसरी राजांच्या काळात बांधले. इराणी बादशहा कंबुजिय मिसरमध्ये आला तेव्हा त्याने मिसरी देवळे पाडली, पण आमच्या मंदिराला धक्का लावला नाही. हा सारा युक्तिवाद वहिवाटीचा आहे. त्यात अब्राहाम नाही, मोशे नाही, मिसरमधून झालेली सुटका नाही, कराराचा उल्लेख नाही. येबच्या बाकीच्या कागदांतही ही नावे सापडत नाहीत. खरेदीखतात ती नसणे स्वाभाविक आहे, त्यावरून काहीच सिद्ध होत नाही. पण जिथे काळीज ओतून विनवणी केली आहे, तिथेही ती नाहीत, हे मला दुर्लक्ष करण्यासारखे वाटत नाही. यावरून हे लोक करार जाणतच नव्हते, असे म्हणणारे मात्र कागदाला बोलायला लावतात. अर्ज एका इराणी सुभेदाराला आहे, आणि त्याच्यापुढे चालणारे नाणे वहिवाटीचेच होते.

कंबुजियाची स्वारी इ.स.पू. ५२५ ची. यरुशलेमचे पहिले मंदिर बाबेलच्या फौजेने ५८६ मध्ये जाळले, दुसरे ५१५ मध्ये पुरे झाले. अर्जदारांचे म्हणणे खरे धरले, तर निदान दहा वर्षे येबला याहोचे मंदिर उभे होते आणि वचनदत्त भूमीत ते पुरे झालेले नव्हते.

तरीही संकटात त्यांनी तोंड वळवले ते यरुशलेमकडेच. याआधी महायाजक योहानान आणि यहुदाच्या प्रतिष्ठितांना पत्र पाठवले होते, त्याचे उत्तर आले नाही, अशी व्यथा अर्जातच आहे. त्या मौनाचे कारण कागद सांगत नाहीत. परदेशातले मंदिर पुन्हा उभे राहावे, असे महायाजकाला वाटत नसेल, हा माझा तर्क. त्याला तर्कापेक्षा जास्त वजन देऊ नये. एका पिढीआधी यरुशलेममध्ये यहुदाचा सुभेदार नहेम्या परजातीय बायकांशी झालेल्या लग्नांवर संतापत होता. अनन्याने तर इ.स.पू. ४४९ मध्ये तामेत या मिसरी दासीशी लग्न केले होते, आणि तो स्वतः याहोच्या मंदिराचा सेवक होता. येबच्याच एका यादीत देवासाठी जमलेल्या चांदीचा हिशेब आहे: याहोसाठी १२ कर्श ६ शेकेल, अनातबेथेल या दुसऱ्या दैवतासाठी १२ कर्श, एशेमबेथेल या तिसऱ्यासाठी ७. यरुशलेमच्या याजकाने ही यादी पाहिली असती तर त्याला काय वाटले असते, याची कल्पना करता येते.

येबवाल्यांनी शोमरोनचा सुभेदार सनबल्लट याच्या मुलांनाही लिहिले. हाच सनबल्लट नहेम्याच्या पुस्तकात वैरी म्हणून येतो. अखेर बगोही आणि सनबल्लटचा मुलगा दलाया यांचे उत्तर आले. ती एक तोंडी निरोपाची याद आहे, खाडाखोड केलेली. वेदीचे घर पूर्वी होते तसे, त्याच जागी बांधावे. त्या वेदीवर अन्नार्पण आणि धूप पूर्वीप्रमाणे अर्पण करावा. अर्जात तीन गोष्टी मागितल्या होत्या: अन्नार्पण, धूप आणि होमार्पण. उत्तरात दोनच आहेत. होमार्पण नाकारलेले नाही, नुसते गाळले आहे. पुढच्या एका पत्रात येदोन्या आणि त्याचे चार सोबती स्वतःच कबूल करतात की मंदिर झाले तर तिथे मेंढा, बैल, बकरा यांचे होमार्पण होणार नाही, फक्त धूप आणि अन्नार्पण होईल. शिवाय हजार अर्दब जव देऊ. पशूंचे होमार्पण यरुशलेमच्या वेदीसाठीच राखून ठेवले गेले, असा याचा अर्थ मी लावतो. खनूमचे दैवत मेंढ्याच्या रूपातले होते, म्हणून मिसरी पुरोहितांना राजी राखण्यासाठी हे झाले, असाही अर्थ लावणारे आहेत आणि तो सहज बाजूला सारता येत नाही.

मंदिर पुन्हा उभे राहिले का? तसे थेट सांगणारा कागद नाही. पण इ.स.पू. ४०२ च्या डिसेंबरात अनन्या आणि तामेत यांनी आपले घर जावयाला विकले, त्याचे खत ब्रुकलिनच्या गुंडाळ्यांत आहे. कारकून कधी कधी जुन्या खतातली चतुःसीमा जशीच्या तशी उतरवतो, हे ध्यानात ठेवूनच ते वाचावे. त्यात राजरस्ता आहे, आणि रस्त्यापलीकडे याहोचे मंदिर आहे.